उलटी अक्षरं वाचणाऱ्या बाई

अलिबागला तंबूतला सिनेमा यायचा तेव्हा बायकांना पडद्याच्या मागे बसवत. पुढच्या बाजूला पुरुष, मध्ये पाणी मारून ओला केलेला पांढरा पडदा आणि पलीकडे आम्ही. चित्र दोन्हीकडून दिसायचं, पण आमच्या बाजूने सगळं उलटं. नायक डाव्या हाताने तलवार चालवायचा. ते मुके सिनेमे होते. कोण काय बोललं ते मधूनमधून येणाऱ्या अक्षरांच्या पाट्यांवरून कळायचं, आणि त्या पाट्याही आम्हाला आरशात धरल्यासारख्या दिसत. पुरुषांच्या बाजूला एकजण त्या मोठ्याने वाचून दाखवी, पण पेटी-तबल्याच्या दणक्यात त्यातलं अर्धंमुर्धंच आमच्यापर्यंत पोचे. कुणी तक्रार करत नसे. आमच्यातल्या बहुतेकींना सुलटी अक्षरंही येत नव्हती.

आमच्या बाई मात्र ती उलटी अक्षरं वाचायच्या. आजूबाजूच्या पंचवीस-तीस बायकांना ऐकू जाईल अशा खणखणीत आवाजात वाचायच्या आणि वर आपलं मतही सांगायच्या. एकदा पाटी आली, "नाथ, मला मारा, पण दूर लोटू नका." बाईंनी ती वाचली आणि त्याच आवाजात विचारलं, "हे कुणी लिहिलं?"

पुरुषांच्या बाजूने कुणीतरी ओरडलं, "ओ मास्तरीणबाई, चित्र बघा!"

"चित्रच बघतेय," बाई म्हणाल्या. "तुम्ही काय बघताय?"

त्या आमच्या मुलींच्या शाळेच्या मुख्य बाई होत्या. शाळा म्हणजे भाड्याच्या घरातल्या चार खोल्या. ती शाळा आता नाही. मी तिथे धाकटी शिक्षिका म्हणून लागले तेव्हा चोवीस वर्षांची होते आणि बाई चाळिशी ओलांडलेल्या. काळ्यासावळ्या, उंच, खांदे पुरुषासारखे रुंद. नऊवारी लुगड्याखाली पुरुषांचे बूट घालायच्या. "वाळूत चपला राहतात मागे आणि आपण जातो पुढे," असं त्याचं कारण सांगायच्या. कपाळावर कुंकू होतं, पण नवरा कुणी पाहिला नव्हता. कुणी विचारलंच तर म्हणायच्या, "आहेत. तिकडे आहेत." हे 'तिकडे' कुठे आहे ते कुणाला कधी कळलं नाही. शाळा सुटल्यावर बाजारातल्या बेकरीतून पाव आणून, ओटीवर सगळ्यांना दिसेल असं बसून चहात बुडवून खायच्या. बामणाची बाई भर रस्त्यात पाव खाते, याची तेव्हा गावभर चर्चा होई. बाईंना ती ऐकू यायची. त्या आणखी एक पाव घ्यायच्या.

सिनेमाचं वेड त्यांना कसं लागलं ते ठाऊक नाही. पण दिवाळीनंतर धरमतरहून बैलगाड्यांवर लादून तंबू आला की बाई एकही खेळ सोडत नसत. त्यांच्यापाशी एक जाड वही होती. तीत चार रकाने आखलेले. पहिल्यात चित्राचं नाव, दुसऱ्यात त्यातल्या बाईचं, तिसऱ्यात ती कशी मेली आणि चौथ्यात तिच्यासाठी कोण रडलं, आणि केव्हा. मी पहिल्यांदा ती वही पाहिली तेव्हा मला हसू आलं.

"हसू नकोस," बाई म्हणाल्या. "चौथा रकाना नीट वाच. जिवंत असताना जो तिच्यासाठी रडला असा एक पुरुष दाखव मला. सबंध वहीत."

मी वाचलं. एकही नव्हता.

"आणि आणखी एक बघ पुढच्या खेळाला. सिनेमातली बाई जेवत नाही. ती वाढते. मी तीन वर्षं वाट बघतेय एखादी घास तोंडात घालेल म्हणून."

खरं सांगायचं तर मला सिनेमा फार आवडायचा, आणि तो रडायला मिळायचं म्हणून आवडायचा. मी लहानपणी विधवा झालेली. घरात माझ्या रडण्याला जागा नव्हती. तंबूत अंधार असायचा आणि रडायला कारणही मिळायचं. बाईंच्या शेजारी बसून मला मोकळं रडता यायचं नाही, म्हणून मी दोन बायका सोडून बसायची.

बायकांना पुढे बसू द्यावं म्हणून बाई तंबूच्या मालकाला जाऊन भेटल्या, तेव्हा मी बरोबर होते. मालक गुजराती, बोलायला नरम.

"बाईसाहेब, बायका पुढे बसल्या तर माणसं पडद्याकडे बघणार नाय ने," तो म्हणाला.

"मग माणसांना मागे बसवा," बाई म्हणाल्या. "त्यांना उलटं वाचता येत नसेल तर मी शिकवते. आठ दिवसांत येतं."

मालक हसला. बाई हसल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी दुपारी चारलाच अकरा बायकांना घेऊन त्या तंबूत शिरल्या आणि पुढच्या बाजूला मधोमध सतरंजी टाकून बसल्या. त्यात मी होते, एका डॉक्टरांची बायको होती, दोन कोळणी होत्या आणि बाकीच्या आमच्या शाळेतल्या मुलींच्या आया. पुरुष आले, कुजबुजले, ओरडले, पण बायकांच्या अंगाला हात लावून उठवणार कोण? त्या संध्याकाळी मी आयुष्यात पहिल्यांदा सुलटा सिनेमा पाहिला. नायकाने उजव्या हाताने तलवार काढली तेव्हा मला उगाचच भरून आलं.

पुढच्या खेळाला दोर बांधलेला होता आणि दोराशी पहारेकरी. डॉक्टरांच्या बायकोला घरून तंबी मिळाली होती, आया आणि कोळणी आल्याच नाहीत. बाई आणि मी मुकाट्याने मागे जाऊन बसलो. एवढंच झालं त्या लढाईचं.

मुंबईहून निघणाऱ्या एका सिनेमाच्या मासिकाला बाई पत्रं लिहायच्या. टपालाने आलेल्या अंकाची पानं कापायला त्यांच्यापाशी हस्तिदंती सुरी होती, तेवढीच काय ती चैन. पत्रांत त्या चित्राची गोष्ट सांगत बसत नसत. त्यांचे प्रश्न असायचे. या नायिकेला आई का नाही? मैत्रीण का नाही? दोन बायका पडद्यावर भेटल्या की एकमेकींशी कधी बोलतात का, आणि बोलल्या तर एकाच पुरुषाविषयी का? कॅमेरा पुरुषाच्या तोंडावर धरतात आणि बाईच्या पायांपासून वर का नेतात? आज हे सगळं कुणीही म्हणेल. तेव्हा अलिबागच्या एका ओटीवर, कंदील पुसताना एक बाई हे म्हणत होती आणि ऐकायला मी एकटीच होते. मला त्यातलं निम्मं कळायचं.

संपादक पत्रं छापायचा, पण 'विनोद' या सदरात. वर मथळा द्यायचा, 'एका रागीट मास्तरीणबाईंची छडी'. बाई अंक उघडायच्या, मथळा वाचायच्या आणि पुढच्या पत्राला बसायच्या.

"बाई, तुमची थट्टा करतात ते," मी एकदा न राहवून म्हटलं.

"छापतात ना? थट्टेसाठी का होईना, अक्षर न अक्षर छापतात. कुठेतरी एखादी वाचत असेल." मग त्या म्हणाल्या, "असेल ना गं?"

मी "असेल की," म्हटलं.

एका थंडीत मुंबईची एक कंपनी चित्र काढायला रेवदंड्याला आली. किल्ल्याच्या तटाखाली, खाडीच्या तोंडाशी त्यांनी मुक्काम टाकला. बाईंनी शाळेला सुट्टी दिली आणि आम्ही दोघी सर्व्हिस मोटारीने तिथे गेलो. अख्खं रेवदंडं लोटलं होतं. नवऱ्याने संशय घेतला म्हणून नायिका नदीत चालत जाते, असा प्रसंग होता. खाडी हीच नदी. ती नटी कमरेइतक्या पाण्यात जायची, मागे वळून हात जोडायची, पुढे जायची, मग डोकं पाण्याखाली. एक माणूस कर्ण्यातून ओरडायचा, "परत!" ती वर येऊन, केस पिळून पुन्हा काठावरून सुरुवात करायची. असं सहा वेळा झालं. माघातलं पाणी, तिचे ओठ निळे पडले होते.

मधल्या वेळात ती घोंगडी पांघरून एका होडीच्या आडोशाला बसली. बाई सरळ तिच्यापाशी गेल्या. जवळून पाहिली तर पंचवीस-सव्वीसची असेल. तिचं आजोळ इकडचंच निघालं, नवगावच्या बाजूच्या इस्रायल, म्हणजे कोकणातल्या ज्यू लोकांपैकी, त्यामुळे मराठी अगदी आपल्यासारखं.

"तुम्ही फार सहज जाता पाण्याखाली," बाई म्हणाल्या.

"जाणारच. मला पोहता येतं चांगलं," ती म्हणाली. "मामांनी शिकवलं, याच किनाऱ्याला."

"मग एकदा पोहून पलीकडे का नाही जात?"

ती नटी खूप हसली. हसताना तिचे दात वाजत होते. "बाई, सिनेमात पोहून कसं चालेल? पलीकडे गेले तर चित्र संपेल कसं?"

 परतताना मोटारीत बाई तळव्यावर बोटाने काहीतरी गिरवत होत्या.

पुढल्या हंगामात तेच चित्र तंबूत आलं. आपली खाडी पडद्यावर दिसणार म्हणून गर्दी तर अशी की पुन्हा पाहिली नाही. बाईंनी वरच्या वर्गातल्या मुलींना न्यायचं ठरवलं. "बघायला शिकवायचं तर बघायला न्यायला हवं," असं त्यांचं म्हणणं. शाळा कमिटीने परवानगी लगेच दिली. कमिटीचे अध्यक्ष वकील होते. "शिकवण चांगली आहे चित्राची," ते म्हणाले, "मुलींनी पाहावंच."

त्या मुलींत वेणू होती. रेवदंड्याच्या नारळी-सुपारीच्या वाडीतली, अलिबागला मामाकडे राहून शिकणारी. तेरा वर्षांची, तरतरीत, सारखं काहीतरी वाचायला मागणारी. ती माझ्या शेजारी बसली. खाडी पडद्यावर आली तेव्हा तिने माझा हात धरला. नटी पाण्यात गेली, हात जोडले, नाहीशी झाली. नवरा काठावर धावत आला, त्याने ऊर बडवून घेतला, मग तिचं कलेवर मांडीवर घेतलं, गावकऱ्यांनी फुलं वाहिली. मी नेहमीसारखी रडत होते, पदर तोंडात धरून. वेणू पडद्याकडे बघायची सोडून माझ्याकडे बघत होती.

"धाकट्या बाई," ती हळूच म्हणाली, "किती छान मेली नाही ती?"

मी मान डोलावली. हे मी कुणाला कित्येक वर्षं सांगितलं नव्हतं. मी मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी वर्गात बाईंनी प्रश्न विचारायला सुरुवात केली. संशय घेतला तेव्हा तिने नवऱ्याला काय सांगायला हवं होतं? बाईंनी पुन्हा विचारलं. वेणू उभी राहिली.

"बाई, सांगून कुणी ऐकत नाही. मेल्यावर ऐकतात."

बाई खडू हातात धरून तशाच उभ्या राहिल्या. इतक्या वर्षांच्या वहीत त्यांना जे मांडता आलं नव्हतं ते त्या पोरीने सहा शब्दांत मांडलं होतं. "बरोबर आहे," त्या अखेर म्हणाल्या. "सिनेमात असंच आहे. पण ते तसं कुणीतरी लिहिलंय, वेणू. लिहिलेलं खोडता येतं."

वेणू बसली. तिला ते पटलं की नाही, कुणास ठाऊक.

दोन वर्षांनी वेणूचं लग्न झालं. चौलला दिली. लग्नाला बाई गेल्या होत्या, पुस्तकांचं एक गाठोडं आहेर म्हणून घेऊन. सासऱ्यांनी ते माळ्यावर टाकलं, असं पुढे कळलं. त्यानंतर वर्षभरात, भाताची कापणी चालू असताना, सकाळी शाळेत निरोप आला की वेणू गेली. सासरच्या वाडीतल्या विहिरीत.

बाई आणि मी रेवदंड्याला गेलो तेव्हा दहावा होऊन गेला होता. वेणूची आई ओटीवर बसली होती. तिने बाईंना बसायला पाट दिला, पाणी दिलं आणि मग सांगू लागली. वेणू कुणालातरी चिठ्ठी लिहीत होती. ती नवऱ्याच्या हाती लागली. त्याला वाचता येत नव्हतं. घरात कुणालाच येत नव्हतं. सून लपून लिहिते म्हणजे कुणातरी पुरुषालाच, असं ठरलं. चार दिवस तिला कोंडून ठेवलं. पाचव्या दिवशी पाणी भरायला म्हणून बाहेर काढली.

"चिठ्ठी मागून मिलाली," आई म्हणाली. तिने कनवटीची पुरचुंडी सोडली. "भावाकडून वाचून घेतली मी. तुम्हाला हाय ती, बाई."

बाईंनी कागद उलगडला. चार ओळी होत्या. वेणूने लिहिलं होतं, इकडे सर्व ठीक आहे, दिवस जात नाही, वाचायला काही असेल तर मामाबरोबर पाठवा, शाई संपत आली आहे म्हणून थांबते.

"तिनं सांगायचं व्हतं की त्यांना, बाईंना लिवलंय म्हनून," आई म्हणाली. "सांगितलं असंल. कोन ऐकतो?" मग उंबऱ्याकडे बघत ती म्हणाली, "माझ्या वेनूला पवता येत व्हतं, बाई. येवढीशी व्हती तवापासून पवायची. पानी तिला न्हाय बुडवायचं. तिनंच मनाशी धरलं असंल."

बाईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला.  

आणि गावात काय चाललं होतं? वेणूचा नवरा दोन दिवस जेवला नव्हता म्हणे. विहिरीच्या काठावर कुणीतरी हळदकुंकू वाहिलं होतं. मोटारीत आमच्या पुढच्या बाकावर दोन माणसं बोलत होती. एकजण म्हणाला, "खरी पतिव्रता हो. अगदी सिनेमातल्यासारखं केलंन."

बाई उठून उभ्या राहिल्या. चालत्या मोटारीत, दांडा धरून. मला वाटलं, आता त्या माणसाला फाडून खाणार. पण त्या तशाच उभ्या राहिल्या आणि अलिबाग येईपर्यंत बसल्या नाहीत.

त्या आठवड्यात बाईंनी सगळी वही, सगळी पत्रं बाजूला सारून एकच लेख लिहिला. वेणूचं नाव न घेता तिची हकिकत. मला वाचून दाखवला. त्यांचा राग मी पुष्कळदा ऐकला होता, पण या लेखात राग नव्हता. एकेक गोष्ट शांतपणे सांगितली होती. खाडीत सहा वेळा बुडवलेली नटी, वर्गात उभी राहिलेली मुलगी, चिठ्ठीतल्या चार ओळी. शेवटी लिहिलं होतं: "हे चित्र पाहिल्यावर माझी विद्यार्थिनी पूर्वीची राहिली नाही. तिला मरण सुंदर वाटू लागलं. ते तिला सुंदर करून कुणी दाखवलं, एवढंच मला विचारायचं आहे." लेख मासिकाकडे गेला.

तो छापून येण्याआधीच कमिटीने सभा बोलावली. गावात बोभाटा झाला होता की मुलींना सिनेमाला नेऊन मास्तरीणबाईंनी त्यांची डोकी फिरवली. परवानगी देणारे वकीलसाहेबच अध्यक्षस्थानी होते. परवानगीचं कुणी बोललं नाही. मला बोलावून विचारलं, "मुलींना सिनेमाला नेण्याचा आग्रह कुणाचा होता?"

मला सांगता आलं असतं की परवानगी तुम्ही दिलीत. सांगता आलं असतं की बाई त्या मुलींना मरणाला फसू नका असंच शिकवत होत्या, आणि वेणूच्या शेजारी बसून रडणारी, मान डोलावणारी मी होते. माझी आई माझ्या पगारावर जगत होती. मी म्हटलं, "मुख्य बाईंचा."

"आणखी काही सांगायचंय?"

"नाही."

बाई समोरच्या खुर्चीवर होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. त्यांच्याकडून राजीनामा लिहून घेतला आणि त्यांच्या जागेवर पुढल्या महिन्यापासून मी.

तरी बाई अलिबाग सोडून गेल्या नाहीत. त्या लेखाची वाट बघत होत्या. दोन अंकांत तो आला नाही. मग त्या वर्षीचा तंबू आला. तेच चित्र लोकाग्रहास्तव पुन्हा, असं ढोलकं बडवत गाडी बाजारातून फिरली आणि जाहिरातीचे गुलाबी कागद वाटले गेले. मी शाळेतून येत होते. बाई बेकरीपाशी उभ्या होत्या. त्यांच्या हातात एक कागद होता. त्यांनी तो मला दिला. नटीचं पाण्यात हात जोडलेलं चित्र, आणि खाली ठळक अक्षरात: "कोकणातील एका विदुषी शिक्षिकेचा अभिप्राय: 'हे चित्र पाहिल्यावर माझी विद्यार्थिनी पूर्वीची राहिली नाही.' अवश्य पाहा. सहकुटुंब पाहा."

मासिकाने लेख छापला नव्हता. चित्र काढणाऱ्या कंपनीला दिला होता.

"अक्षर न अक्षर माझं आहे," बाई म्हणाल्या. "काही बदललं नाही त्यांनी. फक्त पुढचं कापलं." त्यांचा आवाज अगदी साधा होता, भाव विचारावा तसा. "या कागदाने आज दोनशे बायका जातील. मी कितीही बोलले असते तरी एवढ्या गेल्या नसत्या."

त्या रात्रीचा खेळ भरगच्च झाला, असं ऐकलं. मी गेले नाही. चार दिवसांनी बाई पालीला भावाकडे निघून गेल्या. वही, अंक, हस्तिदंती सुरी, सगळं खोलीत तसंच टाकून. घरमालकाने ते रद्दीत घातलं. मी मागायला गेले तोवर उशीर झाला होता.

पालीला जायचं माझ्याने चार वर्षं झालं नाही. मधल्या काळात सिनेमा बोलू लागला होता. माघी जत्रेला शेजारणींबरोबर बल्लाळेश्वराला गेले, तेव्हा देवळातून निघून विचारत विचारत त्यांच्या भावाचं घर गाठलं. बाई पडवीत वाल सोलत बसल्या होत्या. खांदे उतरले होते. मला ओळखून म्हणाल्या, "ये. बस."

मी बसल्या बसल्या सगळं सांगून टाकलं. कमिटीतलं त्यांना ठाऊकच होतं. तंबूतलं सांगितलं. वेणू माझ्याकडे बघत होती, छान मेली म्हणाली, आणि मी मान डोलावली.

बाई वाल सोलत राहिल्या. "तू एकटी नव्हतीस," त्या म्हणाल्या. "मीही रडत होते त्या दिवशी. तिकडच्या टोकाला बसून. म्हणून तर दुसऱ्या दिवशी इतके प्रश्न विचारले." मग त्यांनी मान वर केली. "इतकी वर्षं त्यातलं खोटं दाखवत होते सगळ्यांना. तरी रडू यायचंच. त्याच्यापुढे माझं काय चालणार होतं?"

 काहीतरी बोलायचं म्हणून मी सांगितलं की मुंबईला मावसबहिणीकडे गेले होते तेव्हा बोलपट पाहिला. बायका आता बोलतात, गातात.

बाईंचा हात थांबला. इतक्या वेळात पहिल्यांदाच त्यांच्या डोळ्यांत जुनं काहीतरी आलं. "बोलतात?" त्यांनी विचारलं. "आपल्या तोंडाने? पाटी नाही?"

"पाटी नाही."

"पहिलं काय बोलली गं?"

मला नेमकं आठवत होतं. नायिका पडद्यावर आली तेव्हा लोकांनी तिचा आवाज ऐकायला श्वास रोखून धरला होता. नवरा रागावून उभा होता. तिने वाकून त्याच्या पायांना हात लावला आणि ती बोलली, आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. खोटं सांगायला एक क्षण पुरला असता. पण बाईंशी एकदा खोटेपणा करून झाला होता माझा. मी खरं तेच सांगितलं.

"'माझंच चुकलं', असं म्हणाली."

बाईंनी हातातल्या शेंगेकडे पाहिलं. "आवाज कसा होता?"

"गोड होता."

"हं," त्या म्हणाल्या.

आतून भावजयीने हाक मारली, "वन्सं, भाजी व्हायचीय अजून." बाईंनी गुडघ्यावर हात टेकला, सूप उचललं आणि "आले, चुकलंच माझं, बोलत बसले," असं म्हणत आत गेल्या. अलिबागच्या मोटारीची वेळ होईपर्यंत मी पडवीत बसून होते. त्या पुन्हा बाहेर आल्या नाहीत.